आई विश्रांती घेत नाही : राधानगरीच्या डोंगरातल्या आईबद्दल विचारणाऱ्या मुलाला

दादा, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. इतरांनाही कळावा म्हणून थोडक्यात परत मांडते. तुमची आई ४८ वर्षांची, राधानगरी तालुक्यातल्या डोंगरातल्या वाडीवर राहते. घरी तीन म्हशी, दीड एकर भात आणि नाचणा. वर्षभर कंबर आणि गुडघे दुखतात, चढ चढताना धाप लागते. तुम्ही तिला पुण्याला आणून दाखवलंत. एक्स-रेत विशेष काही निघालं नाही. डॉक्टरांनी सांगितलं, वाकू नका, ओझं उचलू नका, महिनाभर विश्रांती घ्या. गावी परतल्यावर चौथ्या दिवशी तिच्या डोक्यावर वैरणीचा भारा होता. आता रोज फोनवर भांडण होतं आणि तुम्ही विचारताय, तिला समजवायचं कसं.

मी डॉक्टर नाही. शाहूवाडी आणि राधानगरीच्या डोंगरी उपकेंद्रांत २९ वर्षं आरोग्यसेविका होते, आता निवृत्त आहे. तुमच्या आईसारख्या बायका मी दवाखान्यात कमी आणि गोठ्यात, बांधावर, चुलीपुढे जास्त पाहिल्यात. त्या अनुभवावरून सांगते, तुमच्या आईला सगळं समजलेलं आहे. डॉक्टरांचा सल्लाही चुकीचा नाही. पण तो सल्ला आणि तिचा दिवस यांची गाठच पडलेली नाही. नोकरदार माणसाला विश्रांती सांगितली की तो रजा टाकतो. तुमच्या आईनं रजा टाकायची कुणाकडे? एका आक्कांना मी अशीच विश्रांती सांगितली होती, नोकरीच्या तिसऱ्या-चौथ्या वर्षी. त्या म्हणाल्या, “बसून कसं चालंल बाई? म्हशीला काय सांगू, सिस्टरनं सुट्टी दिल्या म्हणून?” त्यानंतर ‘विश्रांती घ्या’ हे दोन शब्द मी एकटे कधी वापरले नाहीत. कुठलं काम, कोण करणार, किती दिवस, हे ठरवल्याशिवाय ते बोलायचे नाहीत असं ठरवून टाकलं.

म्हणून पहिलं काम म्हणजे आईचा दिवस कागदावर काढा. सुट्टी टाकून दोन दिवस गावी जा आणि तिच्या मागं मागं फिरा. तुम्ही त्याच घरात वाढलात, तरी हा दिवस तुम्ही पाहिलेला नसतो. तुम्ही झोपेत असताना तो सुरू झालेला असतो.

मी एकदा एका घरी असा दिवस लिहून काढला होता, लसीकरणाच्या रजिस्टरच्या मागच्या पानावर. पहाटे साडेचारला उठणं. चूल पेटवून बंबात पाणी. गोठ्यात जाऊन शेण भरणं, ओणव्यानं झाडणं, बुट्टी डोक्यावर घेऊन उकिरड्यापर्यंत तीन खेपा. धारा उकिडवं बसून. सहाच्या सुमाराला किटली डेअरीत. मग भाकरी, डबे, धुणं. नऊला खुरपं आणि दोरी घेऊन डोंगर. बाराला भारा घेऊन खाली. जेवण, भांडी, म्हशींना पाणी. दुपारी ऊन असलं तर शेणी लावणं, नाहीतर शेतात भांगलण, म्हणजे तण काढणं. चारला परत वैरण, पाचला परत शेण, परत धारा, परत डेअरी. रात्रीच्या भाकरी. सगळ्यांचं आवरून अंथरुणाला पाठ लागली तेव्हा दहा वाजून गेले होते. सबंध दिवसात ती बाई पाठ टेकून बसली फक्त दुपारच्या जेवणाला, तेही मी समोर होते म्हणून.

त्याच दिवशी मी अजून एक केलं. अंगणवाडीतला बाळांचं वजन करायचा टांगता काटा माझ्याकडं होता. तो २५ किलोपर्यंतचं वजन दाखवतो. त्या घरच्या बाईंचा भारा आम्ही दोघींनी मिळून त्याला अडकवला. काटा सरळ २५ वर जाऊन टेकला आणि तिथंच राहिला. भारा किती किलोचा होता ते त्या काट्यावर कळलंच नाही. बाईंचं स्वतःचं वजन ४१ किलो होतं.

आता तुमच्या घरचा हिशेब करा. मोठी दुभती म्हैस दिवसाला २५-३० किलो ओली वैरण खाते आणि वर चार-पाच किलो पिंजार, म्हणजे भाताचं वाळलेलं काड. तीन म्हशी म्हणजे साधारण ८० किलो ओली वैरण. पाणी एकेक म्हैस ५०-६० लिटर सहज पिते. म्हणजे १५ लिटरच्या दहा-बारा घागरी फक्त म्हशींच्या. हे ओझं रोज कुणीतरी उचलायचंच आहे. आईनं उचललं नाही तर म्हशी उपाशी राहतात, दूध तुटतं, डेअरीचं दहा दिवसांचं बिल कमी येतं. ‘ओझं उचलू नका’ हा सल्ला तिच्या कानाला ‘म्हशी विका’ असा ऐकू येतो, आणि ते कुणीच तिला उघड बोललेलं नसतं.

२०१९ साली केंद्र सरकारनं देशभर लोकांच्या वेळेची पाहणी केली. स्वतःच्या घरचं काम करणाऱ्या बायकांची त्यात घरकामाची रोजची सरासरी २९९ मिनिटं निघाली आणि ते काम करणाऱ्या पुरुषांची ९७. यात म्हशींचं, शेताचं, पाणी-जळणाचं काम धरलेलं नाही, ते वेगळ्या सदरात मोजतात. ते सगळं एकत्र केलं तर डोंगरातल्या बाईचा दिवस कुठं जातो ते तुमच्या कागदावर दिसेलच.

आता आधी तपासण्या, मग कामाची वाटणी. ‘कामानं दुखतंय’ म्हणून आजार अंगावर काढायचा नाही.

रक्तातलं हिमोग्लोबिन तपासलंय का? तुम्ही एक्स-रेचं लिहिलंय, रक्ताचं नाही. बाईचं हिमोग्लोबिन १२ च्या वर पाहिजे. चढाला धाप लागते म्हटल्यावर माझा पहिला संशय तोच असतो. आठ हिमोग्लोबिनवर भात लावणाऱ्या बायका मी पाहिल्यात, त्यांना वाटत असतं की वय झालं. कमी निघालं तर डॉक्टर सांगतील तेवढ्या लोहाच्या गोळ्या, आणि त्या चहाबरोबर किंवा दुधाबरोबर घ्यायच्या नाहीत, मध्ये तास-दोन तास जाऊ द्यायचे. आमच्याकडं हेच चुकतं. गोळी चहाच्या घोटाबरोबर घेतली जाते आणि निम्मी वाया जाते. शी काळी होते, पोट थोडं धरतं, त्याला घाबरून गोळ्या बंद करायच्या नाहीत. चिखलात अनवाणी काम करणाऱ्यांना आकडीकृमी होतात, ते रक्त पितात, म्हणून जंताची गोळीही विचारून घ्या. नाचणा घरचाच आहे, त्यात १०० ग्रॅमला साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं. पण हल्ली घरोघरी नाचणा पाहुण्यांना आणि पुण्या-मुंबईला जातो आणि घरात रेशनच्या तांदळावर भागतं. तुम्हालाही पिशवी येत असेल. आईच्या ताटात भाकरी कशाची आहे ते या वेळी बघा.

धापेचं दुसरं कारण चूल असू शकतं. तीस वर्षं धूर घेतलेल्या बाईची छाती विडी ओढणाऱ्यासारखी वाजते. शिवाय रक्तदाब आणि साखर एकदा बघून घ्या. आणि चालताना छातीत दुखत असेल, पायाला सूज असेल, कंबरदुखीबरोबर पाय बधिर होत असतील, लघवी कळत नसेल किंवा ताप आणि वजन घटणं असेल, तर इथलं वाचत बसू नका, तिला लगेच डॉक्टरकडं न्या.

तिसरी गोष्ट लिहिताना तुम्हाला संकोच वाटेल हे मला माहीत आहे, पण ती लिहिल्याशिवाय हे उत्तर अपुरं राहील. डोंगरातल्या बायकांत अंग बाहेर येण्याचा त्रास पुष्कळ आहे, म्हणजे गर्भाशय खाली सरकतं. बाळंतपणानंतर लवकर ओझी उचललेली, सतत ओणवं आणि उकिडवं काम, जुनाट खोकला, ही त्याची कारणं. बाई सांगते ‘कंबर दुखते’, कारण तेवढंच सांगण्यासारखं असतं. एका मावशींची कंबर मी दोन वर्षं गोळ्या देऊन बरी करायला बघत होते. एक दिवस नदीवर धुणं धुताना त्या माझ्याजवळ बोलल्या. नऊ वर्षं त्या कापडाची घडी लावून भात लावत होत्या, आणि नवऱ्यालाही ठाऊक नव्हतं. त्या दिवसानंतर प्रत्येक कंबरदुखीला मी हा प्रश्न विचारायला लागले. तुम्ही तो आईला विचारू नका, ती तुम्हाला सांगणार नाही. बहीण असेल तर तिला सांगा, नाहीतर वाडीच्या आशाताईंना. उपाय आहेत. सुरुवातीचा त्रास व्यायामानं आटोक्यात येतो, काहींना आत बसवायची रिंग मिळते, काहींना शस्त्रक्रिया लागते. मात्र कुणी तपासल्या तपासल्या ‘पिशवी काढून टाका’ म्हटलं तर दुसऱ्या स्त्रीरोगतज्ज्ञांचं मत घ्या. कोल्हापुरात सीपीआर या सरकारी रुग्णालयात दाखवता येतं. राज्याच्या आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत, म्हणजे प्राथमिक आरोग्य केंद्र, ग्रामीण रुग्णालय अशा ठिकाणी, १५ ऑगस्ट २०२३ पासून तपासणी आणि उपचार मोफत आहेत.

आणि ती सुई. सुगीच्या दिवसांत एखादा माणूस मोटरसायकलवर येतो, कमरेत सुई मारतो, बाई दुसऱ्या दिवशी टुणटुणीत. त्या सुईत बहुतेक वेळा काय असतं ते बाईला ठाऊक नसतं. वेदना दबते, दुखावलेल्या कंबरेवर अजून आठ दिवस काम ओढलं जातं. रोजच्या रोज वेदनाशामक गोळ्या घेऊन पोटाचं आणि मूत्रपिंडाचं वाटोळं झालेल्या बायकाही मी पाहिल्या. आईच्या फळीवर, डब्यात, उशाखाली कुठल्या गोळ्या आहेत ते बघून फोटो काढून आणा.

आता वाटणी. इथं सगळं परिस्थितीवर आहे. पाणी दारात आहे का, गोठा घराच्या वर आहे का खाली, रान किती लांब, वडील काय करतात, घरात सून किंवा जाऊ आहे का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. म्हणून मी जिथून जास्त फरक पडलेला पाहिला, तिथून सांगते.

सगळ्यात जास्त फरक वैरणीनं पडतो. डोंगरातून आणायच्या भाऱ्याची जागा गोठ्याजवळच्या गवतानं घेतली, तर दिवसातले तीन तास आणि डोक्यावरचं निम्मं ओझं जातं. नेपियर किंवा त्याच जातीचं संकरित गवत चार-पाच गुंठ्यांत, बांधावर, न्हाणीच्या सांडपाण्यावर लावता येतं. ठोंब शेजारच्या गावात कुणाकडं तरी असतात, पैसे लागत नाहीत. गवे येत असतील तर मात्र घरालगतच लावा, लांबच्या तुकड्यात लावलेलं तुमच्या म्हशींना मिळणार नाही. दाजीपूर अभयारण्याच्या बाजूच्या वाड्यांवर हा अनुभव सगळ्यांना आहे. भारा आणायचाच असेल तर एकाचे दोन करून आणायचे. बायका म्हणतात दोन खेपा कोण घालणार. बरोबर आहे, म्हणूनच दुसरी खेप वडिलांची. वडिलांकडं मोटरसायकल असेल तर वाटेपर्यंत आलेला भारा गाडीवरून येऊ शकतो. हे मी अनेक घरांत होताना पाहिलंय, फक्त कुणीतरी पहिल्यांदा तोंड उघडावं लागतं. ते तुम्ही उघडा, आईला लावू नका.

मग पाणी. घराच्या वरच्या अंगाला झरा असेल तर काळा पाइप टाकून पाणी उतारानं गोठ्यापर्यंत येतं, मोटर लागत नाही. आमच्याकडं कितीतरी वाड्या याच पाण्यावर आहेत. एप्रिल-मे महिन्यांत झरा आटतो, तेवढ्या दोन महिन्यांसाठी गोठ्याजवळ टाकी ठेवा. पाइपचा खर्च तुमच्या पुण्यातल्या एका दवाखान्याच्या फेरीएवढाच येईल.

गोठ्यात लांब दांड्याचा खराटा आणि लांब दांड्याचं फावडं आणा. ऐकायला किरकोळ वाटतं, पण झाडताना दिवसातून दोन वेळा अर्धा-अर्धा तास ओणवं राहणं वाचतं. धारेला वीतभर उंच पाट द्या, उकिडवं बसण्यापेक्षा गुडघ्याला फार बरं. भाकरीलाही तोच पाट. उभा ओटा करून देऊ म्हणाल, पण आधी तिला विचारा. उभ्यानं भाकरी थापणं कित्येकींना जमत नाही, मग ओटा तसाच राहतो आणि चूल जमिनीवरच. गॅस असला तरी सिलिंडर डोंगरात पोचवायला गाडी येत नाही म्हणून जपून वापरतात. तुम्ही भरलेला जादा सिलिंडर घरात ठेवायची सोय केलीत तर पावसाळ्यातलं ओलं जळण फुंकणं बंद होईल. धुरासाठी वर्षातले तेच चार महिने सगळ्यात वाईट.

रोपलागणीबद्दल जरा थांबून सांगते, कारण तिथं मुलं नेहमी चुकतात. जुलैमध्ये फोन करून ‘यंदा लागणीला जाऊ नको’ म्हणणं सोपं आहे. पण डोंगरात लागण पैऱ्यावर चालते. आई चार घरांच्या शेतात चार दिवस गेली की त्या चौघीजणी तिच्या शेतात येतात. ती गेली नाही तर तुमचं भात लागत नाही, आणि बोलणी वेगळी. हा वाडीचा विश्वासाचा हिशेब आहे, तो मोडायला तिला सांगू नका. तिचा पैरा फेडायला दुसरी बाई मजुरीवर पाठवा. पैरा फिटला पाहिजे, मग तो कुणाच्या हातानं फिटला याला माझ्या वाड्यांवर कुणी नाव ठेवलेलं मी पाहिलं नाही. ती मजुरी तुम्ही द्या. काहीजण म्हणतात लागण सोडा, धूळवाफ पेरणी करा, म्हणजे पावसाआधी कोरड्या मातीतच भात पेरा. काही रानांत ते चालतं. डोंगरात इतक्या पावसात तण माजतं आणि लागणीचं वाचलेलं वाकणं भांगलणीत दुपटीनं भरावं लागतं. पायाला चिखल्या असताना चिखलात काम करू देऊ नका, आणि त्या दिवसांत ताप आला, अंग ठणकलं, डोळे लाल झाले तर त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात. शेतातल्या पाण्यातून उंदराच्या मुतानं होणारा लेप्टोचा ताप अंगावर काढायचा नसतो.

तिसऱ्या म्हशीचं बोलू. घरी तीन म्हशी असतात तेव्हा बहुतेक वेळा त्यातली एक भाकड असते. तिची वैरण, पाणी, शेण चालूच. वर्षाचा हिशेब मांडला तर काही घरांत दोन म्हशींवरही हातात तेवढेच पैसे राहतात. पण हा निर्णय आईचाच. तिच्यासाठी म्हैस ही नुसती जनावर नसते, घरात तिच्या मालकीचं म्हणावं असं दुसरं काही नसतं. जमीन बहुतेक सासऱ्याच्या नाहीतर नवऱ्याच्या नावावर. म्हणून आधी एक विचारा, डेअरीत खातं कुणाच्या नावावर आहे? धार आईची, शेण आईचं आणि बिल वडिलांच्या हातात, असं असेल तर खातं आईच्या नावावर करून घ्या. तपासणीला जायचे पैसे बाईच्या हातात असले की ती दुखणं लवकर सांगते. हे मी वाड्यांमागून वाड्यांवर पाहिलं. बायकांना एसटीचं निम्मं तिकीट झालं मार्च २०२३ पासून, तेव्हाही उपकेंद्रात स्वतःहून येणाऱ्या बायका वाढल्या होत्या. तिकिटात किती पैसे वाचतात ते तुम्हाला किरकोळ वाटेल. तिला ते नवऱ्याकडं मागायला लागायचे.

एकदम सगळं करू नका. या खेपेला रक्ताची तपासणी, आशाताईंशी बोलणं आणि दिवसाचा कागद. पावसाआधी पाइप आणि गवताचे ठोंब. जुलैसाठी पैऱ्याची मजुरी बाजूला काढून ठेवा. एवढं झालं की मग डॉक्टरांनी सांगितलेली विश्रांती तिच्या दिवसात कुठं बसते ते तुम्हालाच दिसेल. बहुतेक दुपारी, जेवणानंतर, तासभर.

फोनवर भांडू नका. ‘आज कुणाच्या शेतात होतीस, भारा कुणी आणला’ असं विचारा. तिला कळेल की तुम्हाला तिचा दिवस ठाऊक आहे. आणि वडिलांना वेगळा फोन करा. त्यांना रागावून नाही, काम नेमून द्या. एकच, ठरलेलं, रोजचं. संध्याकाळची वैरण, नाहीतर म्हशींचं पाणी. पुरुषाला ‘आईला मदत करा’ म्हटलं तर तो दोन दिवस करतो. ‘हे काम तुमचं’ म्हटलं की टिकतं.

एक राहिलं. वैरण जवळ आली की कुट्टीचं, म्हणजे वैरण बारीक कापायचं, मशीन घ्यायचा विचार तुमच्या मनात येईल, आणि ते जरूर घ्या, वैरण कमी नासते. पंचायत समितीत पशुसंवर्धनकडं अनुदानाची चौकशी करा. पण पात्याला आणि पट्ट्याला झाकण असलेलंच घ्या, आणि बंद करायचं बटण तिच्या हाताला सहज लागेल असं बसवा. पदर कमरेला खोचून, बांगड्या मागं सारून, घास लांब दांड्यानं पुढं ढकलायचा. पहिले आठ दिवस तुम्ही स्वतः तिच्या शेजारी उभं राहून चालवा.